लेखकाच्या शेजारी उभा राहिलेला नट

1938 साली कोल्हापूरच्या हंस पिक्चर्सने दोन चित्रपट पडद्यावर आणले. दोन्हींचा दिग्दर्शक एकच, मास्टर विनायक. पहिला ‘ज्वाला’. वि. स. खांडेकरांची कथा, राजेरजवाड्यांचा थाट, भव्य सेट, भरपूर खर्च आणि ‘अमृतमंथन’मुळे देशभर गाजलेला चंद्रमोहन हा नट. दुसरा ‘ब्रह्मचारी’. आचार्य अत्र्यांची कथा, एक बावळट तरुण, एक धीट मुलगी आणि मध्यमवर्गीय घरातले साधे पलंग-खुर्च्यांचे नेपथ्य. ‘ज्वाला’ कोसळला आणि कंपनी अडचणीत आली. ‘ब्रह्मचारी’ने तिला सावरले. विनायकांच्या पंधरा वर्षांच्या कारकिर्दीची किल्ली या एका वर्षात सापडते असे मला वाटते. त्यांना चांगला नट, विनोदी चित्रपटांचे जनक किंवा अभिनेत्री नंदाचे वडील म्हणून ओळखले जाते. या तिन्ही ओळखी खऱ्या असल्या तरी अपुऱ्या आहेत. त्यांचे मोठे काम वेगळे होते. मराठी बोलपटाच्या केंद्रस्थानी त्यांनी समकालीन लेखकाला आणून बसवले, आणि ते साधण्यासाठी स्वतःच्या नटपणाला त्या लेखकाच्या हाती सोपवले. त्यांची धाव अडली ती भांडवलापाशी. ही दोन सूत्रे हातात धरून त्यांची वाटचाल पाहिली की तिच्यातले चढउतार उलगडत जातात.

ही वाटचाल कोल्हापुरात सुरू झाली, यामागे कारणे आहेत. शाहू महाराजांच्या कारकिर्दीत कोल्हापुरात नाटक, गाणे, चित्रकला आणि शिल्प यांना आश्रय मिळाला होता. त्याच वातावरणात बाबूराव पेंटरांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली, आणि 1925 च्या ‘सावकारी पाश’मधून शेतकऱ्याच्या कर्जबाजारीपणाची गोष्ट पडद्यावर आणली. त्यांच्या हाताखाली घडलेल्या मंडळींनी 1929 मध्ये प्रभात फिल्म कंपनी उभी केली. विनायक दामोदर कर्नाटकी यांचा जन्म 19 जानेवारी 1906 चा, कोल्हापूरचाच. बाबूराव आणि भालजी पेंढारकर हे त्यांचे नात्याने भाऊ. शांताराम वणकुद्रे, म्हणजे पुढचे व्ही. शांताराम, हेही नात्यातलेच. चित्रपट हा या गोतावळ्यात घरचा व्यवसाय होऊ लागला होता. 1932 मध्ये प्रभातने पहिला बोलपट ‘अयोध्येचा राजा’ काढला, तेव्हा विनायक त्यात नारद झाले. त्याच वर्षीच्या ‘माया मच्छिंद्र’मध्ये ते गोरखनाथ होते. म्हणजे सुरुवात पौराणिक पडद्यावरच झाली. पण या दोन भूमिकांमध्ये पुढच्या विनायकांची खूण दिसते. नारद आणि गोरख हे दोघेही कथेतले राजे नव्हेत. राजाच्या गोष्टीत शिरून तिला वळण देणारी, बोलकी, चपळ अशी ही पात्रे आहेत. बोलपटाला अशा नटाची गरज होती. मूकपटातली भव्य देहबोली आता पुरेशी नव्हती. वाक्य कुठे तोडायचे आणि कुठे झटकन टाकायचे हे ज्याला कळते त्याचे दिवस आले होते.

1933 मध्ये प्रभातने पुण्याला बिऱ्हाड हलवले. या स्थलांतराचा परिणाम कोल्हापूरवर दुहेरी झाला. एक मोठी कंपनी गेली, पण तिच्यामागे राहिलेल्या तंत्रज्ञांना आणि नटांना घेऊन दरबारच्या पाठबळावर कोल्हापूर सिनेटोन उभी राहिली. इथे विनायकांना 1935 मध्ये ‘विलासी ईश्वर’ दिग्दर्शित करायला मिळाला. मामा वरेरकरांची कथा असलेला हा चित्रपट शोभना समर्थांचा पहिला बोलपट म्हणून लोकांना आठवतो, पण विनायकांच्या दृष्टीने त्याचे महत्त्व दुसरे आहे. दिग्दर्शक म्हणून पहिलेच पाऊल टाकताना त्यांनी पोथी-पुराण न उघडता हयात लेखकाची सामाजिक गोष्ट हाती घेतली. लगेच पुढच्या वर्षी, 1936 मध्ये, बाबूराव पेंढारकर, छायालेखक पांडुरंग नाईक आणि विनायक या तिघांनी हंस पिक्चर्सची स्थापना केली. व्यवस्थापन आणि खलनायकी बाबूरावांकडे, कॅमेरा नाईकांकडे, दिग्दर्शन आणि नायकाची भूमिका विनायकांकडे. स्वतःची कंपनी हाती आल्यामुळे कोणती गोष्ट सांगायची याचा निर्णय आता नटाला घेता येणार होता.

तो निर्णय त्यांनी कसा वापरला हे पाहण्यासारखे आहे. खांडेकर तेव्हा सावंतवाडीजवळच्या शिरोड्याला शाळेत शिकवत होते. कथा-कादंबरीकार म्हणून त्यांचे नाव झाले होते, पण चित्रपटासाठी त्यांनी कधी लिहिले नव्हते. हंसने आपल्या पहिल्याच चित्रपटासाठी, ‘छाया’साठी, त्यांच्याकडून कथा लिहून घेतली. गरिबीपायी गुन्हा घडलेल्या घरावरचा कलंक पुढच्या पिढीला कसा ग्रासतो याची ती शोकांतिका होती. विनायक तिच्यात कवी मनाचा नायक झाले आणि लीला चिटणीस नायिका. नव्या कंपनीने पहिलाच डाव इतक्या काळ्या कथेवर लावणे हे धाडसच होते. पुढे 1938 मध्ये खांडेकर शिरोडा सोडून कोल्हापुरात राहायला आले, त्यामागे चित्रपटाचे काम हे मोठे कारण होते. त्यांचा लेखनिक म्हणून एक होतकरू तरुण हंसमध्ये काम करत होता, ‘ब्रह्मचारी’त एका छोट्या भूमिकेत तो झळकलाही. त्याचे नाव ग. दि. माडगूळकर. पुढच्या तीस-पस्तीस वर्षांत मराठी चित्रपटाचे गाणे आणि पटकथा ज्याच्या हातात राहिली तो माणूस या कंपनीत डोळे उघडे ठेवून वावरत होता, ही बाब मला किरकोळ वाटत नाही. लेखकांना मान असलेल्या जागी लेखक तयार होतात.

दुसरा लेखक अत्रे. 1937 च्या ‘धर्मवीर’पासून त्यांचे आणि विनायकांचे जमले. खांडेकरांकडे करुणा आणि ध्येयवाद होता. अत्र्यांकडे ढोंगावर तुटून पडणारा विनोद. ‘ब्रह्मचारी’तला औदुंबर हा तरुण एक व्याख्यान ऐकतो आणि भारावून आजन्म ब्रह्मचर्याची शपथ घेतो. भिंतीवरच्या नट्यांच्या तसबिरी जातात, दंडबैठका सुरू होतात, देशकार्याची भाषा तोंडी येते, आणि मग किशोरी नावाची मुलगी त्याच्या आयुष्यात येते. 1930 च्या दशकात महाराष्ट्रात व्यायाम, ब्रह्मचर्य आणि संघटना यांची जी लाट होती, तिच्यातल्या पोकळ भागाची ही थट्टा आहे. ही थट्टा लिहिणे एक आणि ती स्वतःच्या अंगावर घेणे वेगळे. औदुंबर विनायकांनी स्वतः साकारला. तो काळ नायक सुंदर, शूर आणि निष्कलंक असण्याचा होता. कंपनीचा भागीदार आणि दिग्दर्शक असलेल्या नटाने स्वतःसाठी भित्रा, गोंधळलेला, शपथेच्या ओझ्याखाली वाकलेला तरुण निवडणे यात त्यांच्या सगळ्या कलाविचाराचा अर्क आहे. विनायक औदुंबरला विदूषक करत नाहीत. शपथ घेताना तो मनापासून घेतो आणि मोडतानाही मनापासून घाबरतो. म्हणून प्रेक्षक त्याला हसताना स्वतःलाही हसतो. कॅमेऱ्यामागचा विनायक पुढच्या विनायकाला वाचवायला जात नाही. फजितीचे क्षण छाटून टाकण्याची मुभा असूनही त्याने ते लांबवले आहेत.

‘ब्रह्मचारी’च्या यशाबद्दल एक आक्षेप नेहमी घेतला जातो. चित्रपट चालला तो किशोरी झालेल्या मीनाक्षी शिरोडकरांच्या पोहण्याच्या पोशाखातल्या गाण्यामुळे. बाकी अत्रे आणि विनायक हे निमित्तमात्र. त्या गाण्याने खळबळ माजली आणि गर्दी खेचली, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण आक्षेप घेणाऱ्यांनी तो प्रसंग कथेतून उपटून पाहिला आहे. पाण्यात उतरून गाणारी किशोरी तिथे कुणाच्या नजरेची शिकार नाही. खेळ तिचा आहे, आव्हान तिचे आहे, आणि गांगरून जातो तो काठावरचा पुरुष. त्या काळच्या पडद्यावर मुलीने प्रेमात पुढाकार घेतला तर कथा तिला शिक्षा करी, किंवा ती खलनायिका ठरे. किशोरी दोन्ही टाळते आणि जिंकते. केवळ अंगप्रदर्शनाने चित्रपट चालत असते तर त्यानंतर तशी गाणी घातलेले सगळेच चित्रपट आठवणीत राहिले असते. ‘ब्रह्मचारी’ राहिला, कारण त्या गाण्यामागे एक पक्का युक्तिवाद होता: नैसर्गिक भावना दाबून टाकणाऱ्या आदर्शाचे हसे व्हायलाच हवे.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. विनायकांचे चित्रपट बोलके आहेत, शब्दांवर तोललेले आहेत. प्रभातमध्ये शांताराम आणि दामले-फत्तेलाल यांनी प्रतिमेची जी भाषा घडवली तिच्या तुलनेत हे कॅमेऱ्यात पकडलेले नाटक आहे, असे म्हटले जाते. यात तथ्य आहे. ‘कुंकू’ किंवा ‘संत तुकाराम’ यांच्याइतकी दृश्यरचना हंसच्या चित्रपटांत शोधू नये. तरी मराठी मध्यमवर्ग तेव्हा कशातून जगत होता ते लक्षात घ्यायला हवे. वर्तमानपत्रे, मासिके, व्याख्यानमाला, वादविवाद. या वर्गाची ढोंगे शब्दांतच राहत होती. त्यांना उघडे पाडायचे तर हत्यारही शब्दांचेच लागणार. शिवाय विनायकांची दिग्दर्शकीय नजर चौकटीपेक्षा नटावर आहे. वाक्य संपल्यावर ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर काय होते, इथे त्यांचे लक्ष. हे कसब रंगमंचावर चालत नाही, कारण तिथे जवळून पाहताच येत नाही. नट असल्यामुळे त्यांना ते कळत होते. प्रभातने मराठी चित्रपटाला पाहायला शिकवले असेल, तर हंसने त्याला आजच्या माणसांसारखे बोलायला शिकवले, आणि दोन्हींची गरज होती.

‘ब्रह्मचारी’नंतरच्या दोन-तीन वर्षांचे काम मला सर्वांत मोलाचे वाटते, कारण त्यात हा नट हळूहळू स्वतःला चौकटीच्या कडेला नेतो. ‘ब्रँडीची बाटली’ 1939 ची. त्याच वर्षी मुंबईत काँग्रेस सरकारने दारूबंदी लागू केली होती. अत्र्यांनी तो ताजा विषय उचलला आणि ब्रँडी म्हणजे काय याचाही पत्ता नसलेल्या एका भोळ्या कारकुनाला बाटलीच्या शोधात गावभर फिरवले. हा बगाराम दामुअण्णा मालवणकरांनी उभा केला. तिरळ्या डोळ्यांचा, नायकपणाचा एकही मापदंड न पाळणारा नट चित्रपटाच्या मधोमध आला. 1940 च्या ‘लग्न पहावे करून’मध्ये हेच धोरण पुढे गेले. बडोद्याचे चिं. वि. जोशी यांच्या चिमणराव-गुंड्याभाऊंना पडद्यावर आणताना विनायकांनी दामुअण्णा आणि विष्णुपंत जोग यांची जोडी पुढे केली. 1942 च्या ‘सरकारी पाहुणे’त ती पुन्हा आली. जवळजवळ चाळीस वर्षांनी दूरदर्शनवर दिलीप प्रभावळकर आणि बाळ कर्वे यांनी हीच पात्रे घराघरांत नेली, तेव्हा त्या रस्त्याची पहिली आखणी विनायकांची होती हे फार थोड्यांना आठवले. नट दिग्दर्शक झाला की तो स्वतःसाठी चित्रपट काढतो, ही तक्रार सगळ्या भाषांत ऐकू येते आणि पुष्कळदा ती रास्त असते. विनायकांच्या बाबतीत पुरावा उलट दिशेला जातो. अभिनयातला आनंद त्यांना माहीत होता, म्हणून तो दुसऱ्या नटाकडून कसा काढून घ्यायचा हेही त्यांना माहीत होते. 1941 च्या ‘अमृत’मध्ये खांडेकरांची कोकणातल्या खेड्यातली पिळवणुकीची कथा त्यांनी सांगितली, तीही ललिता पवार, बाबूराव पेंढारकर आणि दादा साळवी यांच्या बळावर.

मग हे सगळे टिकले का नाही? इथे दुसरे सूत्र, भांडवलाचे, हातात घ्यावे लागते. हंस ही भागीदारांची कंपनी होती. एक चित्रपट दोन भाषांत काढायचा, मराठीत आणि हिंदीत, हे तेव्हाच्या स्टुडिओंचे गणित. ‘ब्रह्मचारी’, ‘ब्रँडीची बाटली’, ‘अर्धांगी’, ‘अमृत’ हे सगळे असे दुहेरी निघाले. त्याच सेटवर, त्याच कपड्यांत तोच प्रसंग पुन्हा हिंदीत चित्रित करायचा. मराठी मुलूख एवढ्या खर्चाला पुरत नव्हता, म्हणून हिंदीची जोड लागे. पण अत्र्यांचा विनोद मराठी घरांच्या अंतर्गत खुणांवर उभा होता. हिंदीत तो अर्धा होऊन जाई. म्हणजे ज्या गुणामुळे हे चित्रपट मराठीत उत्तम होते, त्याच गुणामुळे त्यांचा बाजार आखूड राहिला. भांडवल वाढवण्यासाठी 1940 च्या सुमारास नवयुग चित्रपट लिमिटेड ही मोठी कंपनी पुढे आली. अत्रे, बाबूराव आणि विनायक हे सगळे तिच्या छत्राखाली आले. भागधारक, संचालक मंडळ आणि तीन तेजस्वी स्वभाव हे एकत्र नांदले नाहीत. अत्र्यांनी स्वतःची संस्था काढली, बाबूरावांनी न्यू हंस काढली, आणि विनायकांनी प्रफुल्ल पिक्चर्स. तिघांनी मिळून जे उभारले होते ते तीन तुकड्यांत विभागले गेले. व्यक्तींचे दोष शोधण्यात फारसा अर्थ नाही. लेखकप्रधान चित्रपटाला स्थिर पैसा लागतो, कारण लेखक मधूनच बदलता येत नाही; आणि तसा पैसा त्यांना कुणी दिला नाही.

प्रफुल्लची सुरुवात झाली ती महायुद्धाच्या ऐन मध्यावर. 1943 मध्ये कच्च्या फिल्मवर सरकारी नियंत्रण आले, परवान्याशिवाय रिळे मिळेनात, आणि युद्धप्रयत्नाला साहाय्य करणारे चित्रपट काढण्याचा दबाव आला. दुसरीकडे युद्धातून उभा राहिलेला काळा पैसा मुंबईत चित्रपटांकडे वळला. त्याने पगारी नटांची पद्धत मोडली. तारे ठरावीक रकमेवर एकेका चित्रपटाला मिळू लागले आणि ते मुंबईतच मिळू लागले. कोल्हापूरच्या कंपनीला दोनच वाटा होत्या, लहान होऊन राहणे किंवा मुंबईला जाणे. 1945 मध्ये प्रफुल्ल मुंबईला गेली. तिच्याबरोबर मास्टर दीनानाथांची थोरली मुलगी लता मंगेशकरही मुंबईला आली. 1942 मध्ये वडील गेल्यावर विनायकांनी या कुटुंबाला आधार दिला होता, आणि तेरा वर्षांच्या या मुलीला ‘पहिली मंगळागौर’, ‘माझे बाळ’, ‘गजाभाऊ’ अशा चित्रपटांत कामे मिळाली. लताबाईंना अभिनय मुळीच आवडत नसे हे त्यांनी स्वतः अनेकदा सांगितले आहे. त्या गायिका झाल्याच असत्या, मग विनायकांचे श्रेय काय, असे कुणी विचारील. श्रेय प्रतिभेचे नाहीच. ते तगून राहण्याचे आहे. प्रतिभेला दरमहा घरात येणाऱ्या पैशांची गरज असते, आणि अडचणीच्या पाच वर्षांत तो पैसा या कंपनीतून आला.

मुंबईतले विनायक फिके पडले, असे म्हटले जाते. ‘बडी माँ’मध्ये नूरजहाँ, ‘सुभद्रा’मध्ये शांता आपटे आणि याकूब, मग ‘जीवनयात्रा’. ही यादी तारकांची आहे, लेखकांची नाही, आणि हा फरकच सगळे सांगून जातो. इथे मी आक्षेपकांशी सहमत आहे. ‘ब्रह्मचारी’सारखी धार या चित्रपटांत नाही. फक्त याला कलावंताची घसरण म्हणणे पुरेसे नाही. ज्या व्यवस्थेत त्यांचे कसब फुलले ती व्यवस्था त्यांच्या पायाखालून काढून घेतली गेली होती. हा उद्योग पैशाच्या मागे जागा बदलत राहिला आहे. दादर-परळहून अंधेरी-गोरेगाव, आणि आता मालिकांच्या निमित्ताने घोडबंदर रस्ता, काशीमिरा, नायगावपर्यंत तो सरकला. या प्रत्येक हलण्यात नट आणि तंत्रज्ञ नव्या जागी पोहोचतात. लेखक, नट आणि प्रेक्षक यांचे एका गावात जुळलेले नाते मात्र मागेच राहते. कोल्हापूर सोडताना विनायकांनी ते गमावले.

19 ऑगस्ट 1947 रोजी, स्वातंत्र्यानंतर चार दिवसांनी, वयाच्या एक्केचाळिसाव्या वर्षी त्यांचे निधन झाले. ‘मंदिर’ हा चित्रपट अपुरा होता. तो दिनकर द. पाटील यांनी पुरा केला. त्यात विनायकांची लहानगी मुलगी नंदा होती. घराची जबाबदारी त्या मुलीवर लवकर पडली. 1956 मध्ये शांतारामांच्या संस्थेच्या ‘तूफान और दिया’मधून ती नायिका म्हणून पुढे आली. कंपनी नावाची गोष्ट तिच्यासाठी उरली नव्हती. हंस, नवयुग आणि प्रफुल्ल या तिन्हींपैकी एकही संस्था आपल्या संस्थापकांच्या पिढीपलीकडे मराठी चित्रपटाला आकार देण्याइतकी टिकली नाही.

परंपरा मात्र माणसांतून पुढे गेली. 1952 मध्ये राजा परांजपे यांनी माडगूळकरांच्या लेखणीवर ‘लाखाची गोष्ट’ आणि ‘पेडगावचे शहाणे’ काढले. पुन्हा एक नट कॅमेऱ्यामागे, पुन्हा एक लेखक मध्यभागी, पुन्हा मध्यमवर्गाच्या वेडेपणावर प्रेमाने रोखलेली नजर. 1953 मध्ये अत्र्यांनी ‘श्यामची आई’ दिग्दर्शित केला आणि राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक मिळवले. चित्रपटाची भाषा त्यांनी हंसच्या आवारातच गिरवली होती. 1980 च्या दशकात सचिन पिळगावकर आणि महेश कोठारे हे दोन नट दिग्दर्शक झाले तेव्हा विनोदाचा तो पट्टा पुन्हा जागा झाला. त्यांच्या वेळी एक गोष्ट बदललेली होती. 1975 पासून महाराष्ट्र सरकारने मराठी चित्रपटांना करमणूक कर परत देण्याची योजना सुरू केली होती, त्यामुळे एक चित्रपट पडला तरी पुढचा उभा करता येत होता. विनायकांच्या हंसला ‘ज्वाला’नंतर असा कोणताही टेकू नव्हता. त्या वर्षी ‘ब्रह्मचारी’ पडला असता, तर कंपनी तिथेच संपली असती.